किल्ल्याचं बिल कुणाच्या नावावर?

सिव्हिलच्या मुलांना 'एस्टिमेटिंग अँड कॉस्टिंग' नावाचा एक विषय असतो. त्यात विटा मोजायच्या, खोदाईचे घनमीटर काढायचे, दर लावायचे आणि शेवटी बेरीज चुकली की सगळं पुन्हा करायचं. आमच्या विंगमधले कॉम्प्युटर आणि मेकॅनिकलवाले हा विषय पाहून हसतात. तुमचं इंजिनिअरिंग म्हणजे गवंड्याचा हिशेब, असं त्यांचं मत. त्यांच्यासाठी ही एका गवंड्याच्या हिशेबाची गोष्ट. हा माणूस जन्मभर विटा आणि माती मोजत राहिला. मोजता मोजता म्हातारपणी त्याने असा एक हिशेब मांडला, की ज्या राजासाठी त्याने दीडशेहून जास्त किल्ले बांधले किंवा सुधारले, त्याच राजाच्या दरबाराने त्याच्या पुस्तकावर बंदी घातली.

त्याचं नाव सेबास्तियाँ ल प्रेस्त्र द वोबाँ. नाव लांबलचक आहे, पण जग त्याला नुसतं वोबाँ म्हणून ओळखतं.

आपण ट्रेकला जातो तेव्हा गडाबद्दल दोन प्रश्न हमखास विचारतो. कुणी बांधला? आणि लढाई कधी झाली? बांधायला मंजुरी कशी मिळाली, पैसा कुठून आला, ठेकेदाराचं बिल कुणी तपासलं, हे कुणी विचारत नाही. गडावरचा गाईडही सांगत नाही. वोबाँच्या बाबतीत मात्र हे सगळं सांगता येतं. त्याची पत्रं, नकाशे, अंदाजपत्रकं फ्रान्सने सांभाळून ठेवली आहेत. आणि काळ म्हणाल तर आपल्या अगदी ओळखीचा. शिवाजी महाराजांचा जन्म १६३० चा, वोबाँचा १६३३ चा. महाराजांनी १६६४ मध्ये मालवणच्या समुद्रात सिंधुदुर्गाचं काम सुरू केलं. त्यानंतर तीनच वर्षांनी वोबाँला पहिला मोठा किल्ला मिळाला. दोघांना एकमेकांचं नावही माहीत असायचं कारण नव्हतं, पण दगड आणि पैसा यांचं गणित दोघांपुढेही होतंच.

बंडखोरीतून सरकारी नोकरीत

वोबाँ फ्रान्समधल्या बर्गंडी प्रांतातल्या एका खेड्यात, सँ-लेजे इथे जन्मला. घराणं सरदारांचं, पण नावापुरतंच. घरची परिस्थिती बेताची. १६५१ साली, सतरा-अठराव्या वर्षी, तो सैन्यात शिरला, आणि तोही चुकीच्या बाजूने! फ्रान्समध्ये तेव्हा यादवी चालली होती. काँदे नावाच्या राजपुत्राने बंड केलं होतं आणि हा पोरगा बंडखोरांकडे होता. १६५३ मध्ये राजाच्या फौजेने त्याला पकडलं. पण मुख्य मंत्री कार्डिनल माझारँ माणसं पारखण्यात हुशार होता. त्याने शिक्षा देण्याऐवजी पोराला आपल्या बाजूला वळवून घेतलं. दोन वर्षांनी, १६५५ मध्ये, वोबाँ राजाचा अधिकृत इंजिनिअर झाला.

त्या काळी इंजिनिअर म्हणजे लष्करी इंजिनिअरच. कॉलेज नाही, सिलॅबस नाही, 'सबमिशन' नाही. शिक्षण व्हायचं ते वेढ्यात, खंदकात, डोक्यावरून गोळ्या जात असताना. १६६७ मध्ये दुए शहराच्या वेढ्यात एक गोळी त्याच्या गालाला चाटून गेली. तो व्रण त्याच्या चित्रांमध्येही दिसतो. सहाच वर्षांनी मास्त्रिख्तच्या वेढ्यात त्याने शहराभोवती समांतर खंदकांच्या रांगा खणत पुढे सरकण्याची पद्धत वापरली आणि एवढं मजबूत शहर दोन आठवड्यांच्या आत पडलं. 'थ्री मस्केटिअर्स'मधला दार्तान्याँ ज्या खऱ्या माणसावरून घेतला, तो सेनानी याच वेढ्यात मारला गेला. जन्मभरात वोबाँने पन्नासच्या आसपास वेढे चालवले. किल्ला कसा पडतो हे इतक्या वेळा पाहिलेल्या माणसाला तो कसा बांधायचा, हे वेगळं शिकवावं लागलं नाही.

सही राजाची

आता मंजुरीचं बघू. आपल्याकडे आज लष्करी बांधकामाचा पैसा संरक्षण खात्याच्या मागण्यांमधून लोकसभेपुढे येतो. लोकसभा तो मंजूर करते, काम एम.ई.एस.सारख्या यंत्रणा करतात, आणि कॅग हिशेब तपासतो. चौदाव्या लुईच्या फ्रान्समध्ये यातलं काहीच नव्हतं. तिथली लोकप्रतिनिधींची सभा १६१४ साली भरली होती, ती पुन्हा भरली थेट १७८९ मध्ये! मधली पावणेदोनशे वर्षं नवा किल्ला हवा की नको, हे राजा आणि त्याचे दोन-चार मंत्री ठरवायचे.

मंत्र्यांमध्येही वाटणी होती. कोलबेर हा खजिन्याचा मालक. बंदरं, आरमार आणि देशाच्या आतल्या भागातले किल्ले त्याच्याकडे. लुव्हा हा युद्धमंत्री. सरहद्दीवरचे, नव्याने जिंकलेल्या मुलखातले किल्ले त्याच्याकडे. दोघांचं एकमेकांशी अजिबात पटत नव्हतं. एकाच कामाचे दोन गाईड असले आणि दोघांचं बोलणं बंद असलं तर प्रोजेक्टवाल्याचं काय होतं, हे तुम्हाला ठाऊक आहेच! १६९१ मध्ये लुव्हा वारल्यावर सगळे किल्ले एका खात्याखाली आले.

कामाची पद्धत साधारण अशी होती. वोबाँ जागेवर जायचा. जमीन, पाणी, दगडाच्या खाणी, रस्ते बघायचा. नकाशे काढायचा आणि सोबत सविस्तर टिपण लिहायचा. एकेक कलम, त्याचं माप आणि त्याला लागणारा पैसा. हे कागद मंत्र्याकडे जायचे. मंत्री शंका काढायचा, खर्च कमी करायला सांगायचा. मग राजा. लुईला या विषयाची गोडी होती, तो स्वतः नकाशे वाचायचा. राजाने मान्यता दिली तरी सगळा पैसा एकदम मिळत नसे. दर वर्षी थोडा थोडा यायचा. त्यामुळे आधी कुठला बुरूज, मग कुठला खंदक, हा क्रम लावणं हेही इंजिनिअरचंच काम.

दूर पॅरिसमध्ये बसून निर्णय घ्यायचा तर नुसत्या नकाशावर भागत नाही. म्हणून १६६८ पासून सरहद्दीवरच्या शहरांची लाकडी मॉडेल्स बनवायला सुरुवात झाली. स्केल १ : ६००. घरं, तटबंदी, ओढे, आजूबाजूची शेतं, सगळं त्यात. आपल्या गॅदरिंगला थर्माकोलचं मॉडेल करून बक्षीस मिळतं. तिथे अशा मॉडेलपुढे उभं राहून लाखोंच्या खर्चाची चर्चा होत असे. त्यातली बरीच मॉडेल्स आजही पॅरिस आणि लील इथल्या संग्रहालयांमध्ये आहेत.

लील हेच वोबाँचं पहिलं मोठं काम. १६६७ मध्ये लुईने हे शहर जिंकलं आणि तिथे बालेकिल्ला बांधायचं ठरवलं. बाहेरच्या शत्रूला अडवायला तर खराच, पण नव्याने ताब्यात आलेल्या शहरवासीयांवर नजर ठेवायलाही. किल्ल्यांचा मुख्य अधिकारी क्लेरव्हिल याने एक आराखडा दिला, ३४ वर्षांच्या वोबाँने दुसरा. निवड झाली ज्युनिअरच्या आराखड्याची. पाच कोनांचा तो बालेकिल्ला १६७० पर्यंत उभा राहिला. त्याला सुमारे सहा कोटी विटा लागल्या असं सांगतात. फ्रेंच लष्कर आजही तिथे आहे.

सहीची किंमत

पण याच सुमारास वोबाँ एका प्रकरणात अडकला. आल्सास प्रांतात ब्रिझाक इथे त्याच्या देखरेखीखाली तटबंदीचं काम झालं होतं. तिथला प्रांताधिकारी होता कोलबेरचा नातलग. कामाच्या हिशेबात घोळ निघाला आणि कागदांवर वोबाँची सही! चौकशी काही वर्षं चालली. लुव्हा त्याच्या पाठीशी उभा राहिला म्हणून १६७१ मध्ये प्रकरण मिटलं. पण तरुण इंजिनिअरला जन्माचा धडा मिळाला. न मोजलेल्या कामावर सही करायची नाही. यानंतर मापं, दर, बिलं याबाबत तो इतका कडक झाला की हाताखालचे लोक त्याला वचकून असत.

१६७३ मध्ये त्याने लुव्हाला एक मोठी कल्पना सांगितली. सरहद्द वेडीवाकडी आहे, आपले आणि शत्रूचे किल्ले एकमेकांत मिसळलेत. ती सरळ करावी आणि उत्तरेला किल्ल्यांच्या दोन रांगा उभ्या कराव्यात. पुढे हे बरंचसं प्रत्यक्षात आलं. १६७७ मध्ये क्लेरव्हिल वारला आणि १६७८ मध्ये वोबाँ साऱ्या किल्ल्यांचा प्रमुख झाला.

सगळ्यात कमी दराचं टेंडर

त्याचं सर्वांत गाजलेलं पत्र १६८३ च्या जुलैचं आहे. तेव्हा तो बेल-ईल नावाच्या बेटावर कामाची पाहणी करत होता. पत्र लुव्हाला आहे आणि विषय आहे टेंडर!

कामं ठेक्याने दिली जायची. जाहीर बोली व्हायची आणि सगळ्यात कमी दर सांगणाऱ्याला काम मिळायचं. सरकार खूश, कारण कागदावर पैसे वाचले. वोबाँने मंत्र्याला स्पष्ट कळवलं की यात पैसे वाचत नाहीत, उलट जातात. त्याचा युक्तिवाद थोडक्यात असा. परवडत नाही इतक्या कमी दरात काम घेतं कोण? एक तर ज्याला कामातलं काही कळत नाही तो, किंवा कर्जात बुडालेला, किंवा सरळ लबाड. जो शहाणा आणि ऐपतदार ठेकेदार आहे तो अशा बोलीकडे फिरकतच नाही. मग घेतलेलं काम रखडतं. ठेकेदार दगड, चुना, लाकूड यांत हात मारतो. जिथे देणं आहे तिथे कमी देतो, मजुरांना बुडवतो. शेवटी अर्ध्यात पळून जातो आणि तेच काम दुसऱ्याकडून जास्त पैसे देऊन करून घ्यावं लागतं. तेव्हा कामाची रास्त किंमत आपणच नीट काढावी आणि जो प्रामाणिकपणे ती पुरी करेल त्याला ती द्यावी. शेवटी तेच सर्वांत स्वस्त पडतं.

हे वाचून मी दोन मिनिटं गप्प बसलो. ३४० वर्षांहून जुनं पत्र आहे हे! फ्रान्समधले बांधकामवाले अजूनही ते एकमेकांना दाखवतात म्हणे. आपल्याकडच्या एखाद्या साईट इंजिनिअरला दाखवलं तर तो तारीख न बघताच मान हलवेल.

पण रास्त किंमत काढायची कशी? त्यासाठी वोबाँने चक्क माणसांचं काम मोजलं. एक माणूस दिवसात किती माती खणतो, किती अंतरावर ढकलगाडीने नेतो, चढ असला तर किती फरक पडतो. किल्ल्यांच्या कामावर सैनिकही मजुरीने लावले जात. त्यांना ठेकेदाराने किती पैसे द्यायचे याचं त्याने आल्सासमध्ये दरपत्रक केलं. अंतर वाढलं की दर वाढला. आज ज्याला आपण 'लीड अँड लिफ्ट' म्हणून पाठ करतो, ते हेच. फरक इतकाच की आपण ते मार्कांसाठी करतो आणि त्याने ते मजुराचे पैसे कुणी खाऊ नयेत म्हणून केलं होतं.

बांधा आणि पाडा

किल्ला बांधणं हा राजाचा निर्णय, तसं तो सोडणं किंवा पाडणं हाही राजाचाच. १६८७ मध्ये मोझेल नदीवर माँ-रोयाल नावाचा प्रचंड तळ बांधायला घेतला. हजारो सैनिक राहतील एवढा. १६९७ च्या रिसविकच्या तहात फ्रान्सला तो सोडावा लागला आणि लगेच पाडावाही लागला. म्हणजे बांधकाम आणि पाडकाम मिळून पुरती बारा वर्षंही नाहीत.

त्याच तहात जुनं ब्रिझाक हातातून गेलं. मग ऱ्हाईनच्या अलीकडे नवं शहर बांधायचं ठरलं, नफ-ब्रिझाक, म्हणजे नवं ब्रिझाक. १६९८ मध्ये वोबाँने खर्चासकट तीन आराखडे दिले. राजाने तिसरा, सर्वांत मोठा, निवडला. अष्टकोनी तट, आत पटावरच्या घरांसारखे चौकोनी रस्ते. दगड आणण्यासाठी डोंगरापासून मुद्दाम कालवा खणला. आज हवाई छायाचित्रात ते गाव बघा, ऑटोकॅडवर काढल्यासारखं दिसतं.

एक गोष्ट मात्र फार थोड्या लोकांना माहीत असते. वोबाँने नुसते किल्ले बांधा असंच सांगितलं नाही. १६९४ च्या सुमाराला त्याने राजाला निरुपयोगी किल्ल्यांचा त्याग करण्याबद्दल लिहिलं. कारण किल्ल्याचं बिल बांधून झाल्यावर संपत नाही. त्यात शिबंदी ठेवावी लागते, धान्य-दारूगोळा भरावा लागतो, दर वर्षी डागडुजी करावी लागते. नको तिथला किल्ला म्हणजे माणसं आणि पैसा कोंडून ठेवणारी तिजोरी. आपल्याच धंद्याचं काम कमी करा म्हणणारा तज्ज्ञ सापडणं कठीण. हा होता.

शेवटचा हिशेब

वोबाँ वर्षातले बहुतेक महिने प्रवासात असे. १६७५ मध्ये त्याने बाझोश इथे मोठं घर घेतलं, पण तिथे राहायला मिळालं फार कमी. दोन खेचरांच्या मध्ये टांगलेल्या पालखीसारख्या डब्यात बसून, लिहीत लिहीत तो देशभर हिंडला. या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात जाताना त्याला फक्त बुरूज दिसले नाहीत. वाटेतली खेडीही दिसली. उपाशी माणसं, मोडकी घरं, कर भरता येत नाही म्हणून जप्त झालेली भांडीकुंडी.

मोजायची सवय होतीच. १६९६ मध्ये त्याने आपल्या मुलखातल्या व्हेझले भागाची पाहणी लिहून काढली. माणसं किती, घरं किती, गुरं किती, जमीन कशी. एकदा तर त्याने एका डुकरिणीची प्रजा दहा पिढ्यांत किती होईल याचं गणित मांडलं. उत्तर साठ लाखांवर गेलं! हसू नका. गरिबाच्या घरी मांस कसं पोचेल याचा तो हिशेब होता.

आणि मग तो मूळ प्रश्नावर आला. किल्ल्यांचा, फौजांचा, युद्धांचा पैसा येतो कुठून? मुख्यतः करांमधून. 'ताय' नावाचा मोठा कर शेतकऱ्यांवर होता. सरदार आणि धर्मगुरू यांना त्यातून सूट. म्हणजे ज्यांच्याकडे जमीनजुमला, ते मोकळे. ज्यांच्याकडे काहीच नाही, ते राजाचे बुरूज उभे करणार. शिवाय कर गोळा करणारे ठेकेदार मधल्यामध्ये आपला वाटा काढत. टेंडरमध्ये जे त्याने पाहिलं होतं, तेच इथे देशाच्या आकाराचं दिसलं.

त्याने लोकसंख्येचा अंदाज मांडला. दहातला एक भाग भीक मागतो. पाच भाग त्याला भीक घालण्याच्याही स्थितीत नाहीत. तीन भाग कर्जात आणि कोर्टकचेऱ्यांत बुडालेत. उरलेल्या एका भागात सगळे बडे लोक. यावर त्याने उपायही सुचवला. हे सगळे किचकट कर काढा. प्रत्येकाने उत्पन्नाचा विसावा ते दहावा हिस्सा द्यावा. शेतकऱ्याने पिकातून द्यावा, बाकीच्यांनी पैशातून. सरदार असो, बिशप असो, सूट कुणालाच नाही. वोबाँ स्वतः सूट असलेल्या वर्गातला होता, हे विसरू नका. १७०३ मध्ये तर तो फ्रान्सचा मार्शल झाला होता.

राजाला त्याने ही योजना आधी हस्तलिखितात दाखवली होती. काही झालं नाही. तिकडे पुन्हा युद्ध पेटलं, कर आणखी वाढले. मग सत्तरी ओलांडलेल्या या म्हाताऱ्याने ते पुस्तक परवाना न घेता गुपचूप छापून घेतलं आणि प्रती ओळखीच्यांमध्ये वाटल्या. ज्यांच्या सवलतींना धक्का लागणार होता ते खवळणारच. १७०७ च्या फेब्रुवारीत आणि पुन्हा मार्चमध्ये राजाच्या मंत्रिमंडळाने पुस्तक जप्त करायचा हुकूम काढला. वोबाँ तेव्हा आजारी होता. ३० मार्च १७०७ रोजी पॅरिसमध्ये तो वारला.

सहा वर्षांनी, १७१३ मध्ये, युट्रेक्टचा तह झाला. त्यात डंकर्कची तटबंदी पाडायची अट होती. हे बंदर लुईने १६६२ मध्ये इंग्लंडच्या राजाकडून ५० लाख लीव्रांना विकत घेतलं होतं. लीव्र म्हणजे त्या वेळचं फ्रान्सचं चलन. वोबाँने या बंदरावर कित्येक वर्षं खर्ची घातली होती. विकत घ्यायला पैसे, बांधायला पैसे, आणि पाडायलाही. तिन्ही वेळा देणारा तोच, ताय भरणारा. आणि सवलतींचा प्रश्न न सोडवता पुढे ढकलल्याचं बिल १७८९ साली सगळ्या फ्रान्सने चुकतं केलं, ते आपण शाळेत फ्रेंच राज्यक्रांतीच्या धड्यात वाचलं आहे.

१८०८ मध्ये नेपोलियनने वोबाँचं हृदय पॅरिसच्या इन्व्हालीदमध्ये सन्मानाने ठेवलं. २००८ मध्ये त्याचे बारा किल्ले युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेले. आणि २०२५ मध्ये त्याच यादीत मराठ्यांचे बारा किल्ले गेले, रायगड-राजगडापासून तमिळनाडूतल्या जिंजीपर्यंत. बारा तिकडे, बारा इकडे. समकालीन माणसं शेवटी अशी एका यादीत भेटली!

तर मित्रांनो, पुढच्या ट्रेकला गडावर चुन्याचा घाणा दिसला तर तिथे जरा थांबा. त्या गोल चरातून दगडी चाक फिरलं, ते बैलांनी ओढलं. बैलांना वैरण कुणाच्या शेतातून आली असेल? बुरुजावर फोटो काढण्याआधी हा प्रश्न एकदा मनात येऊ द्या. आणि उद्या नोकरी लागल्यावर पहिलं मेजरमेंट बुक समोर आलं, की सही करण्याआधी टेप घेऊन स्वतः साईटवर जा. वोबाँला हे शिकायला एक चौकशी भोगावी लागली. आपल्याला फुकटात मिळतंय.

(तृतीय वर्ष, स्थापत्य)